हुद्द्यावरच्या बाई

आधी बाहेरच्या बोर्डाबद्दल बोलते, कारण आत येताना निम्मे लोक तो वाचून हसत होते. मी फोनवर सांगितलेला शब्द होता मेत्रेस-आँ-तीत्र, म्हणजे फ्रान्सच्या राजाची उघड, रीतसर मानलेली प्रेयसी, आणि बोर्डावर आलंय मॅट्रेस. लिहिणाऱ्या मुलाची काही चूक नाही, त्यानं ऐकलं तसं लिहिलं. पण मंडळी, मॅट्रेस म्हणजे गादी, आणि मराठीत गादी म्हणजे सिंहासनसुद्धा, 'बापामागं मुलगा गादीवर बसला' म्हणतो ना आपण. आज ज्या बायकांबद्दल बोलायचंय त्यांचा संबंध या दोन्ही गाद्यांशी होता आणि लोकांना त्यातली एकच दिसते, दुसरीबद्दल कुणी बोलत नाही. ते बोलायला मी आलेय.

जाहीर केलेला विषय असा आहे की फ्रान्सच्या सोळाव्या लुईनं बाई ठेवली नाही आणि त्याची किंमत त्याच्या राणीनं मोजली. हे मी शेवटच्या वीस-पंचवीस मिनिटांत नीट मांडणार आहे. पण त्याआधी हा हुद्दा काय होता ते समजल्याशिवाय पुढचं काही कळणार नाही, म्हणून थोडं मागून येते.

शब्दापासून सुरू करते, शिक्षिकेची सवय. तीस वर्षं मी फ्रेंच शिकवलं आणि वर्गात हा शब्द आला की मागच्या बाकावर कोपरानं ढोसाढोशी सुरू व्हायची. मग मी विचारायचे, फ्रान्समधल्या प्राथमिक शाळेत लहान मुलं टीचरला काय हाक मारतात सांगा? मेत्रेस! मेत्र म्हणजे धनी, गुरू, उस्ताद, वकिलालाही तिकडे मेत्र म्हणतात, आणि त्याचं स्त्रीलिंग मेत्रेस. आता याला मराठीत काय म्हणायचं? रखेल म्हटलं की ती एक वस्तू झाली, ठेवणारा तो आणि ठेवलेली ती. पेशवाईतल्या कागदांत 'नाटकशाळा' असा शब्द येतो, ऐकायला छान आहे, पण त्यातही हुद्दा नाही. मला बरीच वर्षं शब्द मिळत नव्हता आणि शेवटी लक्षात आलं की अख्खी नोकरी पोरं मला ज्या नावानं हाक मारत होती तोच शब्द हवाय. बाई! शाळेतल्या बाई म्हणजे टीचर, अहिल्याबाई म्हणताना त्यातच मान आला, आणि 'त्यानं बाई ठेवलीय' हेही आपलंच मराठी. फ्रेंच शब्दात जे आहे ते सगळं आपल्या या दोन अक्षरांत आहे. आणि आँ-तीत्र म्हणजे हुद्द्यासकट, रीतसर. तर मी आज त्यांना हुद्द्यावरच्या बाई म्हणणार आहे, अहो-जाहो करूनच, आणि पुढच्या रांगेतल्या काकांना हसू येतंय ते मला दिसतंय, हसा, पण तासाभरानं सांगा अजून येतंय का.

आता एक गोष्ट सांगते जी माझ्या मनातून जात नाही. व्हर्सायला मी तीनदा गेले, त्यातली एक खेप आपल्याकडच्या एका टूरबरोबर. राजवाड्याच्या उत्तरेकडच्या बागेत आम्ही चाळीस जण उभे, आणि गाइडनं वर बोट दाखवलं, अगदी छताखालच्या खिडक्या, आणि म्हणाला, तिथं राजानं आपली रखेल ठेवली होती, बायकोला कळू नये म्हणून. सगळे हसले, एका गृहस्थांनी बायकोला डोळा मारला, फोटो झाले, तीन मिनिटांत पंधराव्या लुईच्या पोंपादूरबाई संपल्या. आणि 'बायकोला कळू नये म्हणून' हे तर इतकं चूक आहे! मी पुढे जाऊन म्हटलं, अहो, बायकोनं तर त्यांना भरदरबारात स्वतः भेट दिली होती, तारीख सांगते, 14 सप्टेंबर 1745. तो म्हणाला, काकू, बस सुटेल. त्यानंतर दुकानात चाव्यांच्या रिंगा घ्यायला पाऊण तास दिला होता. पाऊण तास! तेव्हा ठरवलं की जिथं कुणी ऐकून घेईल तिथं हे सांगायचं.

तर नोकरीत शिरायचं कसं? राजाच्या मनात भरून भागत नाही. मनात भरणाऱ्या पुष्कळ असायच्या, त्यांच्यासाठी मागचा जिना होता. हुद्दा हवा तर दरबारात रीतसर 'सादर' व्हावं लागायचं. मोठ्या घराण्यातली एखादी मानकरी बाई तुम्हाला घेऊन जाणार, अंगावर दरबारी पोशाख, मागे लांबलचक शेपटा, तीन वेळा वाकून नमस्कार, आणि परत फिरताना पाठ दाखवायची नाही, उलट्या पावलांनी जायचं आणि तो शेपटा पायात येऊ द्यायचा नाही. हे सगळं आधी राजापुढं, मग राणीपुढं, म्हणजे ज्या बाईच्या नवऱ्याचा प्रश्न आहे तिच्याचपुढं. पोंपादूरबाई मूळच्या जान-आंत्वानेत प्वासों, प्वासों म्हणजे मासा, पॅरिसच्या पैसेवाल्या लोकांतल्या, खानदानी अजिबात नाहीत, वडील हिशेबाच्या भानगडीत अडकून देश सोडून पळालेले. राणी मारी लेक्झिन्स्का आता हिच्याशी काय बोलते हे ऐकायला दालन गच्च भरलेलं. सगळ्यांचा अंदाज होता की राणी फक्त पोशाखाबद्दल बोलेल, कारण दरबारात समोरच्याला काही सांगायचं नसलं की पोशाखाबद्दल बोलतात. आणि राणीनं विचारलं काय, तर दोघींच्या ओळखीच्या एका बाईंची खुशाली! अमक्या कशा आहेत? पोंपादूरबाई इतक्या गडबडल्या की भलतंच काहीतरी बोलल्या, आपली मर्जी राखायची मला फार इच्छा आहे असं काहीतरी. पण काम झालं, हुद्दा मिळाला. आता सांगा, बायकोला कळू नये म्हणून?

ही पद्धत पोंपादूरबाईंनी काढलेली नाही, तीनशे वर्षं जुनी होती. सातव्या शार्लची आन्येस सोरेल, 1450 साली वारली, ती पहिली मानतात, आणि अलीकडे तिच्या अवशेषांची तपासणी झाली तेव्हा पारा सापडला, भरपूर. मग दुसऱ्या आंरीच्या दियान द पोआतिए, राजापेक्षा जवळजवळ वीस वर्षांनी मोठ्या, नदीवरचा तो शनाँसोचा वाडा त्यांचा, त्याला पूल त्यांनी बांधला, आणि 1559 मध्ये राजा भाल्याच्या खेळात जखमी होऊन गेला तशी राणी कातरीननं वाडा काढून घेतला. चौथ्या आंरीच्या गाब्रिएल देस्त्रे, चौदाव्या लुईच्या मोंतेस्पाँ ज्यांना राजापासून सात मुलं झाली, या सगळ्यांवर एकेक व्याख्यान होईल. मँतनोबाईंवर तर दोन, तुरुंगात जन्मलेली मुलगी, मोंतेस्पाँच्या मुलांना सांभाळायला आली आणि शेवटी राजाशी गुपचूप लग्न केलं तिनं. पण आज नाही, आज मला पंधराव्या लुईशीच राहू द्या.

नोकरीच्या अटींमधली सगळ्यात वाईट अट ऐका. राजा आजारी पडला की बाईंची नोकरी गेली. कारण मरायच्या आधी पापाची कबुली द्यायची, आणि पाप तर शेजारच्या खोलीत बसलंय, ते घालवल्याशिवाय पाद्री क्षमा देणार नाही. 1744 च्या ऑगस्टमध्ये मेत्झ गावी लुई मरायला टेकला, सोआसोंच्या बिशपनं अडून धरलं, आणि तेव्हाच्या हुद्द्यावरच्या शातोरूबाईंना गाडीत घालून हाकललं, वाटेत लोकांच्या शिव्या. राजा बरा झाला! फ्रान्सभर आनंद, त्याला 'लाडका' म्हणायला लागले, आणि त्यानं बाईंना परत बोलावलं, पण त्या त्याच डिसेंबरात वारल्या. आणि राजालाही हे सोपं नव्हतं बरं का. फ्रान्सच्या राजाच्या हाताला गुण असतो अशी समजूत होती, गंडमाळा झालेल्यांना तो मोठ्या सणांना हात लावायचा आणि ते बरे होतात म्हणायचे. पण त्याआधी त्याला कबुली देऊन प्रसाद घ्यावा लागायचा. 1739 पासून लुईनं प्रसाद घेणं सोडलं, कारण बाई सोडवत नव्हती, आणि हात लावणंही बंद झालं. लांबून लांबून आलेले आजारी लोक परत जायचे. म्हणजे हे खासगी प्रकरण नव्हतंच, राजाची देवाघरची पत याच्यावर ठरत होती.

आणि आता माझा आवडता पुरावा. पोंपादूरबाई आणि राजा यांच्यातला शरीराचा संबंध 1750 च्या सुमाराला संपला. संपला! त्यांची तब्येत नाजूक होती, त्यांच्या खोलीतल्या दासीनं लिहून ठेवलंय की त्या वेळी बाई भरपूर व्हॅनिला घातलेलं चॉकलेट, सेलरीचं सूप, ट्रफल असलं उष्ण म्हणून काय काय खात होत्या, राजाला आपण थंड वाटू नये म्हणून, आणि त्यासाठीचं औषध मैत्रिणीनं उचलून आगीत फेकलं. मला हे वाचताना रडू आलं होतं. तर तो संबंध संपला आणि पुढं काय झालं, नोकरी गेली? उलट वरच्या मजल्यावरून खाली आणलं, राजाच्या मुलींच्या शेजारी प्रशस्त खोल्या दिल्या, आणि चौदा वर्षं, 1764 मध्ये त्या वारल्या तोपर्यंत, हुद्दा त्यांच्याकडेच. ज्या कारणासाठी ठेवली असं तुम्ही म्हणता ते कारणच उरलं नाही आणि हुद्दा मात्र राहिला, मग तो कसला होता?

कामाचा होता. राजाला भेटायचंय, बाईंना भेटा. मुलाला पलटणीत जागा हवीय, बाईंना सांगा. व्हँसेनचा चिनी मातीचा कारखाना 1756 मध्ये सेव्रला आणला तो त्यांच्या खटपटीनं, आजही सेव्रची भांडी म्हटली की किंमत ऐकून आपण खाली ठेवतो. पॅरिसची सैनिकी शाळा, एकोल मिलितेर, गरीब सरदारांच्या मुलांसाठी, त्यामागेही त्या होत्या. आज फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष राहतात तो एलिझे राजवाडा, तो 1753 मध्ये बाईंनी घेतलेलं घर! त्यांचे डॉक्टर केने, ते व्हर्सायमध्ये त्यांच्याच आसऱ्याला राहायचे, आणि तिथंच बसून त्यांनी अख्ख्या देशाचा पैसा कसा फिरतो याचा तक्ता मांडला, अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांना माहीत असेल. आणि सगळ्यात मोठं म्हणजे ऑस्ट्रियाशी मैत्री. अडीचशे वर्षं ज्यांच्याशी मारामारी त्यांच्याशी करार करायचा, कुणाला कळता कामा नये, तर ऑस्ट्रियाच्या राजदूतानं कुणाला गाठलं? बाईंना. पहिली बैठक त्यांच्या बेलव्ह्यूच्या बंगल्याखालच्या एका छोट्या घरात झाली, आणि 1 मे 1756 ला व्हर्सायचा करार झाला. हे नाव लक्षात ठेवा, ऑस्ट्रिया, शेवटी लागणार आहे.

पण शिव्या कुणी खाल्ल्या? त्यांच्या आडनावावरून लोकांनी गाणी केली, प्वासोनाद म्हणायचे, म्हणजे मासळीची गाणी, इतकी घाणेरडी की मी इथं म्हणू शकत नाही. एक मंत्री त्यात सामील असल्याच्या संशयावरून 1749 मध्ये घरी गेला. सात वर्षांचं युद्ध झालं, फ्रान्स हरला, कॅनडा गेला, आपल्याकडचं पाँडिचेरी 1761 मध्ये इंग्रजांनी घेतलं, नंतर मोडकं परत मिळालं, आणि सगळं बाईंच्या नावावर. सेनापती हरले, पण दोष बाईंचा! घराचं बांधकाम चालू असलं की आपण बाहेर काळी बाहुली टांगतो ना, दृष्ट लागू नये म्हणून, लोकांची नजर तिच्यावर जावी आणि घर वाचावं? या बायका म्हणजे फ्रान्सच्या राजघराण्याची काळी बाहुली होत्या. राजाला शिव्या देता येत नाहीत, राणी बिचारी देवभोळी, दहा वर्षांत दहा मुलं, तिचं कौतुकच होतं, मग जे काय वाईट ते बाहुलीवर. हीच माझी थिअरी आहे आणि याच्यावरच सगळं पुढचं उभं आहे.

आता द्यू बारीबाई. यांची गोष्ट सांगितल्याशिवाय मी खाली बसणार नाही, कारण या हुद्द्याचं वजन किती होतं हे याच्याइतकं कशातच दिसत नाही. या जन्मल्या 1743 मध्ये, लग्नाशिवायच्या, आई शिवणकाम करणारी, स्वतः काही दिवस फॅशनच्या दुकानात नोकरी केली, आणि मग एका द्यू बारी नावाच्या गृहस्थाच्या हाती लागल्या, त्याचा धंदा काय होता ते मी सांगत नाही. म्हातारा लुई वेडा झाला. पण सादर कसं करायचं, नाव नाही गाव नाही. मग काय केलं ऐका, त्या गृहस्थाचा एक भाऊ गावाकडून आणला, त्याच्याशी 1 सप्टेंबर 1768 ला लग्न लावलं, जन्माचा खोटा दाखला केला, त्यात वय तीन वर्षांनी कमी, आणि लग्न लागल्याबरोबर नवऱ्याला परत गावी पाठवला. झाल्या काउंटेस. मग घेऊन जायला मानकरी बाई मिळेना, कुणी तयार होईना, शेवटी एका कर्जबाजारी म्हाताऱ्या काउंटेसची देणी फेडली आणि त्या तयार झाल्या. 22 एप्रिल 1769. त्या दिवशी बाईंना यायला इतका उशीर झाला की राजा घड्याळ बघत होता म्हणतात, केसच आवरत नव्हते.

पुढच्या वर्षी मे महिन्यात ऑस्ट्रियाहून सून आली. सून म्हणजे नातसून. मारी आंत्वानेत, वय 14. आठवतोय ना पोंपादूरबाईंचा करार? त्या मैत्रीवर शिक्का म्हणून हे लग्न. पोरगी पहिल्याच मेजवानीत विचारते, त्या सुंदर बाई कोण, त्या इथं काय करतात? कुणीतरी सांगितलं, महाराजांचं मन रमवतात. ती म्हणाली, मग मी त्यांच्याशी स्पर्धा करीन! मग तिला कळलं काय ते, आणि कळवणाऱ्या कोण, तर तीन आत्तेसासवा, आदेलाईद, व्हिक्त्वार आणि सोफी, लग्न न झालेल्या, राजाच्या मुली. चौथी लुईझ, ती त्याच वर्षी वडिलांच्या पापक्षालनासाठी मठात जाऊन राहिली होती. आत्तेसासवांनी पोरीला पढवलं की त्या बाईशी बोलायचं नाही. एवढंच. आता व्हर्सायमध्ये नियम असा की मानानं लहान असलेल्या बाईनं मोठीशी आधी बोलायचं नाही, तिनं बोलावं लागतं. आणि राणी 1768 मध्येच वारलेली, म्हणजे दरबारात पहिली बाई ही पोरगी. ती बोलली नाही तर द्यू बारीबाई तोंड मिटून उभ्या. एक आठवडा, एक महिना, एक वर्ष. सगळा दरबार मोजतोय.

बाईंनी राजापाशी रडणं सुरू केलं. राजा सुनेला बोलायला घाबरतो, फार भिडस्त माणूस होता हा. मग त्यानं ऑस्ट्रियाच्या राजदूताला, काउंट मेर्सीला, बोलावलं, कुठं, तर बाईंच्याच खोलीत, आणि सांगितलं की आतापर्यंत तुम्ही महाराणींचे राजदूत होतात, आता काही दिवस माझे व्हा. जुलै 1771 मध्ये मेर्सीनं बेत ठरवला. संध्याकाळी पत्त्यांचा डाव संपला की मारी आंत्वानेत सगळ्यांशी बोलत बोलत फिरेल, मेर्सी बाईंशेजारी उभा राहील, ती त्याच्याशी बोलेल आणि ओघात बाईंशी एक वाक्य. बस. ठरलं. पोरीनं आत्त्यांना विश्वासात घेतलं, तिथंच चुकलं. डाव संपला, ती उठली, येतेय, एकेकाशी बोलतेय, दोन पावलांवर आलीय, मेर्सीचा जीव घशात, आणि आदेलाईदआत्त्या मोठ्यानं म्हणतात, चला, उशीर झाला, महाराजांची वाट बघायला व्हिक्त्वारकडे जायचंय. आणि पोरगी वळली आणि गेली! सगळ्यांच्या देखत. मी वर्गात हे सांगायचे तेव्हा पोरं ओरडायची, अरेरे म्हणून.

मग व्हिएन्नाहून पत्रं सुरू झाली. आई, महाराणी मारिया थेरेझा, जिनं स्वतःच्या राज्यात लोकांचं चारित्र्य तपासायला खातं उघडलं होतं, ती लेकीला लिहितेय की एका पोशाखाबद्दल नाहीतर कुठल्या फुटकळ गोष्टीबद्दल एक शब्द बोलायला इतका त्रास? ती दरबारात आलेली एक बाई आहे, तेवढंच तू बघ, तुझ्या राजाचा मान राख. का? कारण त्याच वेळी रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रिया मिळून पोलंडचे लचके तोडायच्या तयारीत होते, आणि फ्रान्स गप्प बसायला हवा होता. म्हणजे बघा मंडळी, पंधरा-सोळा वर्षांची मुलगी एका शिंपिणीच्या मुलीशी बोलत नाही, आणि त्यात तीन राज्यांची गणितं अडकलीत. ही रखेल का हो? रखेलीशी कुणी बोललं नाही म्हणून राजदूत पळतात का?

शेवटी 1 जानेवारी 1772, नवीन वर्षाच्या मुजऱ्याला सगळ्या सरदारणी रांगेनं येतायत, द्यू बारीबाई आल्या, आणि मारी आंत्वानेत, तोंड नक्की कुणाकडे आहे कळणार नाही अशा बेतानं, म्हणाली, 'आज व्हर्सायमध्ये पुष्कळ माणसं आहेत.' झालं! दीड वर्षांनंतर एक वाक्य. राजानं नातसुनेला जवळ घेतलं, मेर्सीनं पत्र लिहिलं. आणि पोरीनं खोलीत येऊन मेर्सीला सांगितलं की एकदा बोलले, पुन्हा त्या बाईला माझा आवाज ऐकू येणार नाही. पुढं त्याच ऑगस्टमध्ये पोलंडची पहिली वाटणी झाली. त्या वाक्यामुळे झाली असं म्हणत नाही, पण आईला कशाची घाई होती ते समजावं.

याला जोडून द्यू बारीबाईंच्या झामोरबद्दल सांगायचं होतं, तो आपल्या बंगालातल्या चितगावचा मुलगा, गुलामांच्या व्यापाऱ्यांनी उचललेला, द्यू बारीबाई त्याला आफ्रिकेचा समजून रेशमी कपड्यात नटवून दरबारात फिरवायच्या, तो मोठा होऊन वाचायला लागला, क्रांतीत गेला आणि त्यानंच कोर्टात त्यांच्याविरुद्ध साक्ष दिली, त्याचा राग मला अजिबात येत नाही, उलट...

चिठ्ठी आली. दहा मिनिटं? मला वाटलं अजून अर्धा तास आहे, आठला हॉल रिकामा करायचाय म्हणतायत, बरं. तर ज्यासाठी आले ते भराभर सांगते, क्षमा करा, हे खरं तर नीट मांडायचं होतं.

10 मे 1774, पंधरावा लुई देवीच्या रोगानं गेला. जायच्या आधी तीच अट, बाईंना बाहेर काढलं, नव्या राजानं मठात पाठवलं. सोळावा लुई 19 वर्षांचा, भाबडा, धार्मिक, आजोबांचं सगळं बघून विटलेला. त्यानं ठरवलं, मी बाई ठेवणार नाही, आणि नाही ठेवली. चांगला माणूस होता, मी त्याला नावं ठेवत नाहीये. पण त्यानं काळी बाहुली काढून टाकली आणि जागा रिकामी राहिली. आणि कामं तर होतीच, मर्जी मिळवायची, वशिला लावायचा, पोशाखाची फॅशन ठरवायची, नाटकं करायची. ती कुणाकडे आली? राणीकडे. एक एक बघा. पती त्रियानों हा छोटा बंगला पोंपादूरबाईंच्या सांगण्यावरून बांधायला घेतला, बांधून होईपर्यंत त्या वारल्या, मग द्यू बारीबाई तिथं राहिल्या, आणि 1774 मध्ये राजानं तो कुणाला दिला? बायकोला, प्रेमानं. म्हणजे राणी बाईंच्या घरात राहायला गेली! तिथं नाटकं, तिथं ठराविक मैत्रिणी, बाकी दरबाराला मज्जाव. मैत्रीण पोलिन्याक, तिच्या घरच्यांवर मेहेरबानी, ही बाईंची रीत. रोझ बेर्तांकडून पोशाख, हीपण बाईंची रीत. 1783 मध्ये साध्या पांढऱ्या मलमलीतलं तिचं चित्र प्रदर्शनात लावलं तर राणी असल्या कपड्यात म्हणून ओरड झाली आणि काढावं लागलं. पोंपादूरबाईंना कुणी असं म्हटलं नसतं, त्यांचं कामच होतं ते.

मग पत्रकं. जी गाणी पोंपादूरवर, द्यू बारीवर लिहीत होते त्याच जातीची आता राणीवर, तीच भाषा, तेच घाणेरडे आरोप, फक्त नाव बदललं. आणि हार! सोळा लाख लिव्ह्रांचा तो हिऱ्यांचा हार, तो सोनारांनी कुणासाठी करायला घेतला होता? द्यू बारीबाईंसाठी. राजा वारला, हार गळ्यात पडला सोनारांच्याच. राणीनं घ्यायला नकार दिला होता हो! पण 1785 मध्ये ठगांनी तिच्या नावावर एका कार्डिनलला, म्हणजे बड्या धर्मगुरूला, फसवून तो लांबवला, आणि कोर्टात कार्डिनल सुटला, कारण लोकांना खरंच वाटलं की राणी चोरून हार मागवणारी बाई असू शकते. राणी म्हणजे बाई, हे समीकरण पक्कं झालं होतं. तिजोरी रिकामी झाली, 'मादाम देफिसित' म्हणायला लागले तिला, तुटीच्या बाईसाहेब, आणि त्या तुटीतला राणीचा खर्च युद्धांच्या मानानं किरकोळ होता. त्यात ती ऑस्ट्रियन. पोंपादूरबाईंनी केलेल्या मैत्रीचा राग जन्मभर हिनं सोसला.

मला असं म्हणायचं नाही की राजानं बाई ठेवली असती तर क्रांती टळली असती, भाव, कर, कर्ज ही कारणं मोठी आहेत. पण राणीबद्दलचा तो जो खास, अंगावर येणारा द्वेष आहे, तो कुठून आला याचं उत्तर या रिकाम्या हुद्द्यात आहे असं मी पंचवीस वर्षं म्हणतेय, आणि मोंतेस्पाँवरच्या शिव्या, पोंपादूरची गाणी आणि राणीवरची पत्रकं शेजारी शेजारी मांडून दाखवायची होती, झेरॉक्स आणल्यात, जाताना घेऊन जा.

एवढंच सांगून थांबते, दिवे मालवतायत. 16 ऑक्टोबर 1793 ला मारी आंत्वानेतला गिलोटिनवर नेलं, आणि 8 डिसेंबरला त्याच चौकात द्यू बारीबाईंना. त्या इतक्या रडल्या, ओरडल्या, जमलेल्या लोकांकडे जीव मागितला. दोघींना मादलेनच्या एकाच दफनभूमीत टाकलं. एकमेकींशी जेमतेम एखादं वाक्य बोललेल्या या दोघी एकवीस वर्षं तिथं जवळजवळ होत्या. 1815 च्या जानेवारीत राणीचे अवशेष शोधून काढले आणि सां-दनीच्या राजघराण्याच्या चर्चमध्ये इतमामानं नेले. द्यू बारीबाई तिथंच राहिल्या.